यूराको वस्तीवरची हुल्डा



आज आम्ही तुम्हाला एका मोलकरणीची गोष्ट सांगणार आहोत. तिचं नाव हुल्डा. हुल्डा खरी नव्हे, सिनेमातली. पण तिला उभी करणाऱ्या बाया खऱ्या होत्या, आणि आजचा हा भाग त्यांच्यासाठी आहे.

देश आहे फिनलंड. युरोपच्या पार उत्तरेला, रशियाच्या शेजारी. जंगलांचा आणि तळ्यांचा मुलूख. हिवाळ्यात बर्फच बर्फ आणि दुपारीच अंधार, उन्हाळ्यात मात्र रात्री उशिरापर्यंत उजेड. आज हा देश श्रीमंत म्हणून ओळखला जातो. आपण ज्या काळाबद्दल बोलतोय त्या काळी तो तसा नव्हता. बहुतेक माणसं खेड्यात राहायची, शेती करायची, जंगलात लाकूड तोडायची. ज्यांच्याकडं जमीन नव्हती त्यांच्या पोरी शहरात जाऊन दुसऱ्याच्या घरी धुणीभांडी, झाडलोट, स्वयंपाक करायच्या. म्हणजे देश लांबचा असला तरी गोष्ट फार लांबची नाही.

१९३७ साली तिथं एक सिनेमा आला, 'यूराकोन हुल्डा'. यूराको हे हुल्डाच्या घराचं, वस्तीचं नाव. आपण नाही का 'मळ्यातली शांता' म्हणतो, तसंच 'यूराकोवरची हुल्डा'. ही भूमिका केली इर्मा सेइक्कुला या विशीतल्या नटीनं. राणी नाही, देवी नाही, श्रीमंताची लेक नाही. खेड्यातून कामाच्या शोधात शहरात आलेली एक पोर, आणि तीच सिनेमाची नायिका.

आज ऐकायला हे साधं वाटतं. पण हुल्डापर्यंत यायला फिनलंडच्या सिनेमाला तीस वर्षं लागली. म्हणून आधी थोडं मागं जाऊ.

फिनलंडचा पहिला कथापट आला १९०७ साली. तेव्हा सिनेमाला आवाज नव्हता, आणि सिनेमा असायचाही काही मिनिटांचा. त्याचा विषय ऐकाल तर हसाल: चोरून गावठी दारू गाळणारे! त्याची फीत आज कुठंच उरलेली नाही, हरवली ती हरवलीच. दारूबंदीसाठी गावागावात धडपडणाऱ्या बायांनी एवढं लक्षात ठेवावं, की हा विषय काही आपल्याच गावाला चिकटलेला नाही.

मग १९१३ साली आला 'सिल्वी'. फिनलंडचा पहिला मोठ्या लांबीचा सिनेमा म्हणून याचं नाव घेतात. आपल्याकडं दादासाहेब फाळक्यांचा 'राजा हरिश्चंद्र' आला ते हेच साल, आणि त्यात तारामतीचं काम अण्णा साळुंखे या पुरुषानं केलं होतं. फिनलंडमध्ये मात्र सिल्वीचं काम बाईनंच केलं. त्या नटीचं नाव आइली रोस्वाल.

ही सिल्वी कोण? लहान वयात लग्न झालेली पोर. नवरा कोण, तर जो तिचा पालक होता, ज्यानं तिला सांभाळलं, तोच. वयानं कितीतरी मोठा. तिला नवरा कसा, तर वडिलांसारखा. पुढं लहानपणीचा सोबती भेटतो, तिचा जीव त्याच्यात गुंततो. काडीमोड मिळायची वाट नाही. शेवटी ती नवऱ्याला विष देते. ज्याच्यासाठी हे केलं तो हात झटकून मोकळा होतो, आणि सिल्वी तुरुंगात जाते.

सिनेमातल्या या पहिल्या मोठ्या नायिकेचा शेवट असा गजाआड झाला. आम्हाला यात महत्त्वाचं वाटतं ते हे, की गोष्ट बाईनं लिहिलेली होती. सिनेमा निघायच्या वीस वर्षं आधी, १८९३ साली, मिन्ना कांत या लेखिकेनं हे नाटक लिहिलं होतं.

मिन्ना कांतबद्दल दोन शब्द सांगितल्याशिवाय पुढं जाता येत नाही. त्यांचा जन्म १८४४ चा. शिक्षक व्हायचं म्हणून त्या युवास्कुला गावच्या अध्यापक विद्यालयात शिकायला गेल्या. मुलींना प्रवेश देणारं तसं ते देशातलं पहिलंच विद्यालय. तिथल्याच एका शिक्षकाशी त्यांचं लग्न झालं आणि शिक्षण अर्धवट राहिलं. १८७९ साली नवरा वारला तेव्हा सहा लेकरं पदरात होती आणि सातवं पोटात. मिन्नाबाई मुलांना घेऊन कुओपिओ या गावी गेल्या आणि वडिलांचं दुकान चालवायला घेतलं. दिवसा दुकान, आणि उरलेल्या वेळात लिखाण. दुकान नीट चाललं, घर चाललं, आणि त्याच घरातून अशी नाटकं बाहेर पडली की देशभर वाद पेटले.

त्यातलं एक नाटक होतं 'कामगाराची बायको'. साल १८८५. त्यात योहान्ना नावाची कष्टाळू बाई आहे. लग्नाआधी तिनं पैसा पैसा करून शिल्लक टाकलेली. लग्न झालं आणि ती शिल्लक नवऱ्याची झाली, कारण कायदाच तसा होता. बायकोच्या पैशावर हक्क नवऱ्याचा. नवऱ्यानं ते पैसे दारूत उडवले, आणि तिला कुठं दाद मागायची सोय नव्हती.

मैत्रिणींनो, बचत गटात बसणाऱ्या बाईला यावर वेगळं काही समजावून सांगायला नको. पैसे कमावणं एक, आणि त्या पैशावर आपला हक्क असणं दुसरं. नाटक आलं आणि चार वर्षांनी, १८८९ साली, फिनलंडमध्ये कायदा झाला: लग्न झालेल्या बाईनं स्वतःच्या कष्टानं कमावलेल्या पैशावर तिचा अधिकार. एका नाटकानं कायदा होत नसतो, त्यासाठी पुष्कळ जणांनी खटपट केली. पण रंगमंचावर योहान्ना रडली तेव्हा समोर बसलेल्या पुरुषांनाही ते बघावं लागलं, हेही खरं.

मिन्ना कांतांचंच दुसरं नाटक 'आन्ना-लीसा' १८९५ चं. त्याचा सिनेमा झाला १९२२ साली. तोही मुकाच. संवाद पडद्यावर पाटी दाखवून वाचायचे. आन्ना-लीसाचं काम केलं हेल्मी लिंडेलॉफ यांनी. ही एका सधन शेतकऱ्याची लेक. चांगल्या मुलाशी लग्न ठरलेलं, घरात तयारी चाललेली. पण तिच्या पोटात एक गुपित आहे. पंधरा वर्षांची असताना घरच्या गड्यापासून तिला दिवस गेले होते. भीतीपोटी जन्मलेलं बाळ तिनं मारलं. त्या गड्याला आणि त्याच्या आईला हे ठाऊक आहे, आणि आता ते तिच्यावर दबाव आणतायत, की आमच्याच घरात ये, नाहीतर सगळं बाहेर काढू. आन्ना-लीसा शेवटी काय करते? जमलेल्या सगळ्या लोकांसमोर स्वतःच्या तोंडानं सगळं सांगते आणि शिक्षेला सामोरी जाते.

त्या काळच्या नट्यांचं कामही जरा समजून घ्या. त्या मुळात नाटकातल्या. हिवाळाभर रंगमंचावर काम करायचं, आणि उन्हाळ्यात नाटकगृहं बंद झाली, दिवस मोठे झाले, की सिनेमाचं चित्रीकरण. विजेच्या दिव्यांवर भागवण्यापेक्षा सूर्यच बरा. आवाजाची सोय नाही, म्हणजे सगळं चेहऱ्यानं आणि हातांनी सांगायचं. आन्ना-लीसाचा कबुलीजबाब बोलून दाखवता येत नव्हता, तो डोळ्यांतून दिसावा लागत होता.

आता सिल्वी आणि आन्ना-लीसा या दोघींना शेजारी बसवून बघा. दोघीही अडकलेल्या. दोघींच्या हातून गुन्हा होतो. दोघींना शिक्षा होते. आणि दोघींच्याही बाबतीत, ज्या पुरुषामुळं ती वेळ आली तो मोकळा राहतो. मिन्नाबाईंनी हे मुद्दाम असं लिहिलं. 'बघा, तुमच्या कायद्यानं आणि तुमच्या रीतीनं बाईचं काय होतं ते बघा,' असं त्यांना दाखवायचं होतं. तेव्हा जे होतं तेच त्यांनी लिहिलं. सुटलेली, उभी राहिलेली बाई दाखवायची तर तशी बाई आधी समाजात दिसायला हवी होती.

आणि तशी बाई दिसायला लागली होती. तिचं नाव मीना सिल्लानपा.

मीनाबाईंचा जन्म १८६६ चा, गरीब कुटुंबातला. तो दुष्काळाचा काळ होता. शाळा जेमतेम. बाराव्या वर्षी त्या कापडगिरणीत कामाला लागल्या. पुढं मोलकरीण म्हणून लोकांच्या घरी राहिल्या. त्या काळी मोलकरणीला कामाचे तास असे नव्हतेच, मालकीण उठवेल तेव्हा उठायचं आणि झोपू देईल तेव्हा झोपायचं. मीनाबाईंनी स्वतः हे भोगलं आणि १८९८ साली हेलसिंकी शहरात मोलकरणींची संघटना उभी केली. पुढं मोलकरणींसाठी एक मासिकही चालवलं. विचार करा, ज्या बाईच्या नावाची कुणी दखल घेत नव्हतं तिच्यासाठी छापलेलं मासिक!

१९०६ साली फिनलंडमध्ये सगळ्या प्रौढ बायांना मताचा अधिकार मिळाला. युरोपात असा अधिकार देणारा हा पहिला देश. नुसतं मत द्यायचा नाही, निवडणुकीला उभं राहायचाही. त्या वेळी देश स्वतंत्रसुद्धा नव्हता, रशियाच्या झारच्या ताब्यात होता. १९०७ च्या निवडणुकीत २०० जागांपैकी १९ जागांवर बाया निवडून आल्या. त्या एकोणीस जणींत एक होत्या मीना सिल्लानपा. कालची मोलकरीण आज संसदेत. आणि १९२६ साली त्या मंत्री झाल्या, फिनलंडच्या पहिल्या महिला मंत्री.

आता आपण १९३७ सालाशी आलो, हुल्डाच्या सालाशी. तोवर सिनेमा बोलायला लागला होता.

इर्मा सेइक्कुलासाठी हे साल मोठं होतं. त्या एकाच वर्षात तिच्या दोन महत्त्वाच्या भूमिका पडद्यावर आल्या. पहिली मार्या. सिनेमाचं नाव 'युहा', दिग्दर्शक न्युर्की तापिओवारा. हा तरुण दिग्दर्शक पुढं १९४० साली रशियाबरोबरच्या युद्धात मारला गेला, तेव्हा तो तिशीचाही नव्हता. 'युहा'ची मूळ गोष्ट युहानी आहो या लेखकाच्या १९११ च्या कादंबरीतली. मार्या अनाथ पोर. युहा नावाच्या वयस्क शेतकऱ्याच्या घरी वाढली आणि त्याचीच बायको झाली. एक दिवस शेमेइक्का नावाचा देखणा व्यापारी येतो आणि तिला आपल्याबरोबर नेतो. तिथं गेल्यावर तिला कळतं, की तिच्याआधी अशा कितीतरी जणी तिथं आणल्या गेल्यात. ती परत येते. पण ती आपल्या मर्जीनं गेली होती हे जेव्हा युहाला समजतं, तेव्हा शेवट नदीच्या प्रपातात होतो.

बघा, पुन्हा तेच. लहान बायको, वयस्क नवरा, मधे आलेला तिसरा, आणि सगळ्यांचा सत्यानाश. सिल्वीपासून मार्यापर्यंत चोवीस वर्षं गेली, तरी बाईच्या गोष्टीचा रस्ता तोच होता.

आणि त्याच वर्षी, त्याच नटीनं हुल्डा केली.

हुल्डा खेड्यातून हेलसिंकीत येते. हातात काम नाही, डोक्यावर छप्पर नाही. तिथं तिची गाठ काही बड्या मंडळींशी पडते. त्यातले एक सोरातिए, न्यायाधीश आणि संसदेचे सभासद. हे काम केलं ताउनो पालो या त्या काळच्या फार लोकप्रिय नटानं. सोरातिएंच्या घरी हुल्डाला मोलकरणीचं काम मिळतं. इथपर्यंत ऐकून आपल्या मनात लगेच पाल चुकचुकते. खेड्यातली एकटी पोर, बड्या माणसाचं घर. आता हिचं वाटोळं होणार. तेव्हाच्या प्रेक्षकांनाही तसंच वाटलं असणार, कारण आजवर तसंच बघितलेलं.

पण तसं होत नाही. हुल्डा काम करते आणि कामातून उरलेल्या वेळात शिकते. पुस्तकं वाचते. घरात पुढाऱ्यांच्या मेजवान्या झडतात, देशाच्या गोष्टी चालतात, आणि वाढणारी हुल्डा ते सगळं कान देऊन ऐकते. तिला कळतं, की ही मंडळी ज्यांच्याबद्दल बोलतायत त्यांना आपण यांच्यापेक्षा जास्त ओळखतो, कारण आपण त्यांच्यातल्याच. मग ती तोंड उघडते. आपलं मत सांगते. आणि ज्यांनी तिला गंमत म्हणून बघितलं होतं त्यांना तिच्याकडं नीट बघावं लागतं. वालेंतिन वाला यांनी हा सिनेमा केला तो हसतखेळत. मार्यासारखं रडवणारं यात काही नाही. इर्माची हुल्डा मान खाली घालून उभी राहत नाही.

शेवट लग्नात होतो, न्यायाधीशाशी. हे आम्हाला थोडं खटकतं. एवढी शिकली, एवढी धीट झाली, तर तिला तिच्याच बळावर उभी ठेवायला काय झालं होतं, असं मनात येतं. पण सिनेमा चालायला हवा, लोकांना गोड शेवट हवा, हेही आहे. आणि एक फरक लक्षात घ्या. सिल्वी आणि मार्या, दोघींना ज्यांनी वाढवलं त्यांच्याशीच संसार करावा लागला. हुल्डा आधी शिकते, आधी स्वतःची होते, लग्न त्यानंतर येतं. या क्रमात सगळं आलं.

ही हुल्डा लिहिली कुणी? पाटीवर नाव होतं युहानी तेरवापा. पुरुषाचं नाव. पण असा कुणी पुरुष नव्हताच. त्या नावामागं एक बाई होती, हेल्ला वुओलियोकी.

हेल्लाबाई मूळच्या शेजारच्या एस्टोनिया देशातल्या, जन्म १८८६ चा. १९०४ साली शिकायला हेलसिंकीत आल्या आणि तिथल्याच झाल्या. लग्न केलं, पुढं वेगळ्या झाल्या. लाकडाच्या व्यापारात त्यांनी नाव कमावलं, मोठी शेतीवाडी घेतली आणि स्वतः सांभाळली. विचारानं त्या डाव्या होत्या आणि ते लपवत नव्हत्या. १९३३ साली त्यांचं एक नाटक सरकारनं बंद पाडलं. त्यांच्या नावानं नाटक आलं की आधी नाव बघून लोक विरोधाला उभे राहायचे. मग त्यांनी १९३६ साली 'निस्कावुओरीच्या बायका' हे नाटक पुरुषाच्या टोपणनावानं दिलं. ते तुफान चाललं. पुढच्याच वर्षी त्याच नावानं हुल्डा आली. नाटकही गाजलं, सिनेमाही गाजला. मग यथावकाश लोकांना कळलं, की आपण ज्याला डोक्यावर घेतलं तो तेरवापा म्हणजे ही बाई!

फिनलंडमध्ये गावोगाव कामगारांची आणि युवक मंडळांची सभागृहं होती. आपल्याकडं समाजमंदिर असतं तशी. तिथं गावचीच माणसं नाटकं बसवायची. मिन्ना कांतांची नाटकं, हेल्लाबाईंची नाटकं अशी खेड्यापाड्यात पोचली. शेतात राबणाऱ्या बाईनं शेतात राबणाऱ्या बाईचं काम करायचं, आणि समोर सगळं गाव बसलेलं.

हुल्डाचा प्रवास इथं थांबत नाही. ती समुद्र ओलांडून अमेरिकेला गेली. १९४७ साली हॉलीवूडनं या नाटकावरून 'द फार्मर्स डॉटर' म्हणजे 'शेतकऱ्याची लेक' हा सिनेमा काढला. तिथं हुल्डाची केटी झाली. फिनलंडची न राहता स्वीडनहून आलेल्या शेतकरी घराण्यातली अमेरिकन पोर झाली. तीही शहरात येते, एका खासदाराच्या घरी मोलकरीण होते. पण ही केटी एक पाऊल पुढं टाकते. एका सभेत उभी राहून पुढाऱ्याला खडे सवाल विचारते, मग स्वतःच निवडणुकीला उभी राहते आणि निवडून येते. शेवटी नवरा झालेला खासदार तिला उचलून संसदेच्या दारातून आत नेतो. (आमच्या गटातल्या एकीनं हे ऐकून विचारलं, 'निवडून ती आली, मग तिला उचलून कशाला न्यायला पाहिजे? पाय नव्हते का तिला?' आम्हाला उत्तर सुचलं नाही.) केटीचं काम करणाऱ्या लॉरेटा यंग यांना त्या वर्षीचा उत्कृष्ट अभिनेत्रीचा ऑस्कर मिळाला. सिनेजगातला सगळ्यात मोठा मान, आणि तो मोलकरणीच्या भूमिकेला.

त्या सिनेमाच्या पाटीवरही मूळ लेखक म्हणून नाव होतं ते तेरवापाचंच. हुल्डा जगभर गेली. हेल्लाचं नाव मागं राहिलं. आणि पहिली हुल्डा झालेली इर्मा सेइक्कुला तर फिनलंडच्या बाहेर कुणाला माहीतसुद्धा झाली नाही.

मग हेल्लाबाई तेव्हा कुठं होत्या? हे ऐका, कारण हे आपल्या कामाचं आहे. दुसऱ्या महायुद्धात फिनलंड आणि रशिया एकमेकांशी लढत होते. रशियातून हेरगिरीसाठी विमानातून उतरवलेल्या एका बाईला हेल्लाबाईंनी आसरा दिला, म्हणून १९४३ साली त्यांना पकडलं आणि जन्मठेप झाली. त्यांनी केलं ते बरोबर की चूक यावर तिथं आजही दोन मतं आहेत. १९४४ मध्ये लढाई थांबली आणि त्या सुटल्या. आणि १९४५ साली त्यांना कुठल्या खुर्चीवर बसवलं? फिनलंडच्या रेडिओच्या प्रमुखपदी! १९४९ पर्यंत त्या तिथं होत्या. वेगवेगळ्या पक्षांच्या माणसांना माइकसमोर समोरासमोर बसवून वाद घालायला लावायचा, आणि घरी बसलेल्या साध्या माणसानं तो ऐकायचा, असा कार्यक्रम त्यांच्याच काळात सुरू झाला. हुल्डा जसं मेजवानीत वाढता वाढता ऐकायची, तसं आता देशातली प्रत्येक हुल्डा चुलीपाशी बसून ऐकू शकत होती. त्यांच्या राजकीय मतांमुळं पुढं त्यांना त्या पदावरून काढलं. १९५४ साली त्या वारल्या.

फिनलंडच्या नट्यांनीही मग दुसऱ्याच्या सांगण्यावर उभं राहण्यापुरतं काम ठेवलं नाही. ग्लोरी लेप्पानेन या नटीनं १९३६ सालीच एक सिनेमा दिग्दर्शित केला होता. तिथं बाईनं केलेला तो पहिला पूर्ण लांबीचा सिनेमा. १९४४ साली आन्सा इकोनेननं तेच केलं. ही त्या काळची सगळ्यांत लाडकी नायिका. ताउनो पालोबरोबर तिची जोडी घराघरात ठाऊक होती. तिनं स्वतः दिग्दर्शन करून सिनेमा पुरा केला. चेहरा ओळखीचा असणं निराळं आणि 'कॅमेरा इथं ठेवा' असं सांगायचा अधिकार असणं निराळं.

मैत्रिणींनो, १९१३ ला सिल्वी तुरुंगात गेली आणि १९३७ ला हुल्डा पुस्तक घेऊन बसली. चोवीस वर्षांत नायिका बदलली. या दोघींच्या मधे आणि आधी काय काय झालं ते मोजा. कमावलेल्या पैशावर बाईचा हक्क आला. मताचा अधिकार आला. मोलकरणींची संघटना झाली, त्यांचं मासिक निघालं. एक मोलकरीण मंत्री झाली. हे सगळं पडद्याबाहेर घडलं, तेव्हा कुठं पडद्यावर हुल्डा आली. सिनेमानं बायांना वाट दाखवली असं आपण म्हणतो. इथं वाट आधी बायांनी पाडली, सिनेमा मागून चालत आला.

राहिली गोष्ट नावाची. आम्ही गावोगाव बैठकांना जातो तेव्हा विचारतो, 'या गटाचा पहिला हप्ता कुणी भरला? पहिलं कर्ज कुणी फेडलं? दारूच्या दुकानाविरुद्ध पहिली सही कुणाची?' बाया हसतात आणि म्हणतात, 'आम्ही सगळ्यांनीच.' हे चांगलंच आहे, एकीनंच काम होतं. पण इतिवृत्तात नावं नसतील तर वीस वर्षांनी कुणाला सांगणार? बँकेतल्या बाईसाहेबांना गटाचा नंबर माहीत असतो, बाईचं नाव नाही. पापडाच्या पाकिटावर गटाचं नाव असतं, लाटणाऱ्या हातांचं नसतं. कर्ज बाईच्या नावावर निघतं आणि त्या पैशातून घेतलेली म्हैस मात्र 'आमच्या मालकांची' असते.

हेल्लाबाईला पुरुषाचं नाव घ्यावं लागलं, कारण तिच्या नावानं दार उघडत नव्हतं. आपल्यावर ती वेळ नाही. म्हणून या महिन्याच्या बैठकीत एवढं करा. इतिवृत्ताच्या वहीत मागची दोन पानं मोकळी सोडा. त्यावर गट कुणी सुरू केला, कुणी कुठलं काम पहिल्यांदा केलं, ते नावासकट लिहा. 'रामभाऊंची बायको' असं लिहू नका, तिचं स्वतःचं नाव लिहा. लिहिता येत नसेल तर शाळेतल्या पोरीला बोलवा, ती लिहील, आणि लिहिता लिहिता तिलाही कळेल की आपल्या गावात कोण कोण झालं.

आणि हो, कुणाची लेक पुण्या-मुंबईला कामाला गेली असेल, कुणाच्या घरी धुणंभांडं करत असेल, तर तिला हुल्डाची गोष्ट फोनवर सांगा. यूराको वस्तीवरची हुल्डा, जी भांडी विसळता विसळता शिकली.